पाण्यावरचा धवला

गाड्या वाहणारी बोट गाळात टेकली तेव्हा धक्का असा काही बसलाच नाही. उभी माणसं अर्धं पाऊल पुढे गेली, कुणाच्या तरी हातातला चहा कपाबाहेर येऊन बोटांवर सांडला, आणि शेजारच्या मासळीच्या टेम्पोखालून गळणारं बर्फाचं पाणी इतका वेळ मागे वाहत होतं ते पुढे वाहू लागलं. प्राप्तीला ते पाणी दिसलं, कारण गाडीच्या खिडकीतून खाली बघण्याखेरीज तिला दुसरं काही करता येत नव्हतं. बोटीचं इंजिन दोनदा गुरगुरलं, मागे काळा गाळ ढवळून वर आला, आणि मग इंजिन बंद झालं. दिघीचा धक्का समोर होता. धक्क्यावर नवरीकडची माणसं छत्र्या घेऊन उभी होती, त्यांच्यातला बेंजोवाला दिसत होता, बाईच्या साडीचा रंग कळावा इतकं ते सगळं जवळ होतं. पण मध्ये पाणी होतं आणि पाण्याखाली चिखल होता. इंजिन थांबल्यावर सगळीकडे एकदम गप्प झालं. त्या गप्पपणात फक्त तिच्या शेजारी बसलेली तिची आई गात होती.

चंदाबाई थांबली नाही, कारण तिला थांबायची मुभाच नव्हती. ती धवलारीण होती, लग्नात विधीगणिक धवले, म्हणजे परंपरेची गाणी, म्हणणारी. आगऱ्यांच्या लग्नात बाकी कुणी उशिरा आलं तर चालतं, धवलारणीवाचून पान हलत नाही. हळद लागते ती तिच्या गाण्यावर, तेल उतरतं ते तिच्या गाण्यावर. आणि थळच्या अलीकडच्या त्यांच्या गावात आणखी एक रीत होती. नवरा खाडी ओलांडून लग्नाला जाणार असेल तर धवलारणीने त्याच्याच गाडीत बसायचं आणि पाण्याचा धवला म्हणायचा. चाकं बोटीवर चढली की सुरू करायचा, चाकं पलीकडच्या जमिनीला लागली की सोडायचा. मधे तुटला तर त्या नवऱ्यावर खाडीचा हक्क राहतो, असं म्हणत. शिकलेली पोरं याला हसत, आणि स्वतःच्या लग्नात गुपचूप धवलारणीसाठी मागची सीट मोकळी ठेवत. तुटलेला धवला सांधायची एकच सोय होती. गाणारीला ठसका लागला, गळा बसला, तर दुसऱ्या बाईने तिथल्या तिथे तो उचलायचा. पण ज्या तोंडाने उचलला त्या तोंडाचा तो झाला. त्या बाईला मग नाही म्हणता येत नाही. लगीनसराईत लोक तिच्या दाराशी येणार आणि ती उठून जाणार, हातपाय चालतात तोवर. चंदाबाईकडे तो असाच आला होता, आधीची धवलारीण काशीआत्या हिच्या तोंडून, रेवसच्या होडीत. तेव्हा चंदाबाईचं लग्नसुद्धा झालं नव्हतं. मुंबईला नर्सिंगला जायचं म्हणून तिने दोन पांढऱ्या साड्या फॉल-बिल लावून तयार ठेवल्या होत्या. त्या साड्यांची पुढे प्राप्तीची लंगोटं झाली, असं ती हसत हसत सांगायची, आणि ऐकणाऱ्या बायाही हसायच्या.

गाड्यांच्या फटीतून आडवा होत बोटीवरचा माणूस आला. त्याने खिडकीत डोकं घातलं, गाणं चालू आहे हे बघून आवाज खाली केला. "ओहोटी आज जास्त उतरलेय. भरती लागली का सुटेल आपोआप."

"कवा लागल भरती?" चंदाबाईच्या पलीकडे बसलेल्या नीराबाईने विचारलं. ती नवऱ्यामुलाची आत्या. अक्षय्य तृतीयेचा मुहूर्त तिनेच धरला होता आणि ही सकाळची बोटही तिनेच.

"लागल तवा लागल, मावशे. भरती काय माझ्या खिशात हाय?"

"अरं, पन धवला चालू हाय! आमची बाय गाते ती काय बोट सुटंपर्यंत गात राहील?"

"मग थांबवा ना थोडा," तो माणूस म्हणाला. बिचारा पलीकडच्या तालुक्यातला असावा. नीराबाईने त्याच्याकडे असं बघितलं की तो आल्या वाटेने परत आडवा होत निघून गेला. पुढच्या सीटवरचा नवरा, हर्षद, मान वळवून मागे बघू लागला. मुंडावळ्या त्याच्या गालाला चिकटल्या होत्या. दिवसभर कंटेनर यार्डात क्रेन चालवणारा आडदांड पोरगा, पण आता त्याच्या डोळ्यांत शाळेच्या पहिल्या दिवसाची भीती होती. चंदाबाईने गाता गाताच हाताने त्याला समोर बघायची खूण केली.

खाडी पार व्हायला लागतो तेवढाच तो धवला होता. त्यात खाडीला भाऊ म्हणायचं, वाटेतल्या देवांची नावं घ्यायची, नवऱ्याची आई, बाप, बहीण यांच्यासाठी एकेक मागणं मागायचं, की समोर धक्का यायचाच. चंदाबाईने शेवटचं मागणं मागितलं, क्षणभर धक्क्याकडे बघितलं, आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. आवाज खोबरं किसल्यासारखा येत होता. दोन महिन्यांपासून तिचा गळा बसला होता. अलिबागच्या डॉक्टरने आत दिवा घालून बघितलं होतं, सूज आहे म्हणाला होता, बोलणं बंद ठेवा, गाणं तर विसराच. तेव्हापासून चंदाबाई घरात खुणांनी बोलायची, ज्येष्ठमध चघळायची, आणि मधूनच प्राप्तीकडे नुसती बघत बसायची. त्या बघण्याचा प्राप्तीने धसकाच घेतला होता. तिला धवला येत होता. पहिल्यापासून शेवटपर्यंत सगळा येत होता. तिने तो कधी पाठ केला नव्हता. आईच्या पोटात असतानाच ऐकला होता, मग मांडीवर झोपून ऐकला होता, मग मांडवाच्या कोपऱ्यात अभ्यासाचं पुस्तक उघडून, कानात बोटं घालून ऐकला होता. येत असूनही तिने आजवर एकदाही त्यातला शब्द मोठ्याने म्हटला नव्हता. न्हाणीघरातसुद्धा नाही.

गाडीच्या डाव्या बाजूला टेम्पो होता, उजवीकडे पाण्याचा टँकर, दोन्हीकडे वीतभर फट. ड्रायव्हर टँकर लागायच्या आधीच उतरून वर हवेला गेला होता. आता दार उघडायचं म्हटलं तरी उघडलं नसतं. काचा खाली होत्या, पण वारा पडला होता. मासळीचा वास, डिझेलचा वास, नवऱ्याच्या अंगावरच्या हळदीचा वास, नीराबाईच्या गजऱ्याचा वास, हे सगळं एकमेकांत न मिसळता एकावर एक साचत होतं. प्राप्तीला वाटलं, हे बेरजेचं आहे. एका वासात दुसरा वास पडतो आणि थोडासाच वाढतो. गुणाकार होत असता तर एव्हाना आपण मेलो असतो. मग तिला स्वतःचंच हसू आलं. जिथे तिथे हिशेब करायची ही खोड कॉम्प्युटरवरच्या त्या खेळाने लावली होती.

अलिबागच्या पॅथॉलॉजीच्या काउंटरवर रक्ताच्या बाटल्यांवर नावं चिकटवणारी प्राप्ती घरी आली की दार लोटून घ्यायची आणि कॉम्प्युटरवर जादूगार व्हायची. राक्षस, तळघरं, तलवारी यांचा तो खेळ. त्यात हाणामारी करणारे गडी घ्यायची मुभा होती, पण तिने पहिल्यापासून अंगात कापडी झगा आणि हातात काठी असलेला, फुंकर मारली तर पडेल असा आगीचा जादूगार घेतला. आणि मग त्याचा मार कसा वाढवायचा याचा तिने ध्यास घेतला. बाकीची पोरं आगीचा मार वाढवणारी काठी घेत, तशीच अंगठी घेत, तशीच टोपी घेत आणि खूश होत. तिच्या लक्षात आलं की या तिन्ही गोष्टी एकाच डब्यात पडतात. त्यांची आधी बेरीज होते आणि मग गुणाकार एकदाच. भरलेल्या डब्यात आणखी मूठभर टाकून काय होणार? त्यापेक्षा दिसायला फालतू असलेली, पण दुसऱ्या डब्यातली एखादी चीज घ्यावी, जी शेवटी वेगळी गुणली जाते. मग समोरच्याचा विरोध बघावा. प्रत्येक राक्षसाच्या अंगात आगीला थोडाबहुत विरोध असतोच; तो असताना मारलेला आगीचा भाला निम्मा वाया जातो. म्हणून आधी शाप टाकून विरोध उतरवायचा आणि मगच भाला फेकायचा. हे सगळं ती साध्या मराठीत, उदाहरणं देऊन, 'गारगोटी' या नावाने लिहीत असे. नाशिकची, कोल्हापूरची, कुठकुठली पोरं तिला 'गारगोटी दादा' म्हणत. दादा, तुमच्यामुळे दगडी राजा एका फटक्यात मेला. दादा, तुम्ही देव आहात. तिने कुणाचा गैरसमज दूर केला नाही. दादा असण्यात तिला मोकळं वाटायचं. दादाला कुणी धवला शिक म्हणत नाही.

तो गैरसमज दूर केला फक्त मैत्रीजवळ. मैत्री पुण्याच्या एका खेळ बनवणाऱ्या कंपनीत होती. तिने गारगोटीचे लेख वाचले आणि फोन नंबर मागितला, आणि फोनवर बाईचा आवाज ऐकून खदखदून हसली. कंपनी नवा खेळ काढत होती. कुठल्या जादूचा मार किती असावा, कुठली जादू फार माजली, कुठली उगाच मार खाते, हे तासन्‌तास बघणारं माणूस त्यांना हवं होतं. "हे काम करायचे पैसे देतात?" प्राप्तीने विचारलं होतं. देतात, आणि राहायची सोयही आहे, असं मैत्री म्हणाली होती. सोमवारी रुजू व्हायचं. हो की नाही ते आज दुपारच्या आत कळवायचं. प्राप्तीने मनातल्या मनात केव्हाच हो म्हटलं होतं. फक्त आईला सांगायचं होतं.

आणि तेच होत नव्हतं. खेळात मोठा मंत्र म्हणायला वेळ लागतो, तेवढा वेळ जादूगाराला एका जागी उभं राहावं लागतं, आणि मधे कुणी साधी चापट मारली तरी मंत्र मोडतो, शक्ती जाते ती जातेच. घरात तिचं हेच व्हायचं. एकदा आई अंगणात सुकट निवडत होती. "आये, मना तुला एक सांगायचंय," एवढं म्हणून झालं, तोच आईने हाताने वर दाखवलं: कावळे. सुकट आत नेईपर्यंत प्राप्तीचा धीर सुकला. एकदा डॉक्टरकडून येताना रिक्षात तिने तोंड उघडलं, तर आईने स्वतःच्या ओठांवर बोट ठेवलं, जणू बोलायची बंदी दोघींना होती. एकदा तर वाक्य 'पुण्याला' पर्यंत पोचलं होतं, आणि दारात कुणीतरी हळदीचं आमंत्रण घेऊन उभं राहिलं. प्राप्तीने मग शांतपणे बसून विचार केला, जसा ती खेळातल्या राक्षसाचा करायची. आईचा विरोध कशाला आहे? रडण्याला आहे, रडणाऱ्या पोरीला ती पाणी देते आणि कामाला लावते. ओरडण्याला आहे; ओरडणाऱ्याकडे ती बघतसुद्धा नाही. विरोध कमी आहे तो कोरड्या, व्यवहाराच्या बोलण्याला. म्हणून आधी डॉक्टरचं नाव घ्यायचं, मग गळ्याला विश्रांती, मग धवले मोबाइलवर भरून ठेवू म्हणजे ते जाणार नाहीत, आणि हे सगळं उतरलं की मग ते एक वाक्य. एकदाच, पुरतं, मोडू न देता. दुसरी संधी मिळणार नाही हे तिला माहीत होतं. एकदा वार फुकट गेला की आई सावध होणार, आणि सावध झालेल्या चंदाबाईपुढे गावचे पंचही गप्प बसत.

"दर्या माझ्या भावा रं, पानी बाजूला सार," चंदाबाई गात होती. कितवी फेरी ते प्राप्तीने मोजायचं टाळलं. ऊन चढलं होतं. पाणी अजून उतरतच होतं. बोटीच्या कडेला ओल्या चिखलात खेकडे दिसायला लागले होते. नीराबाई देवाचं नाव घेत होती आणि दर दोन ओळींनी प्राप्तीकडे बघत होती. गाडीत तीन बायका होत्या. नीराबाईला धवला येत नव्हता हे सगळ्या गावाला ठाऊक होतं. लहानपणी तिचा आवाज ऐकून म्हैस दावं तोडून पळाली होती अशी गोष्ट होती. मग उरलं कोण? ही बोट थांबली तिथेच आपण अडकलो असं नाही, प्राप्तीला वाटलं. आपण त्याच्या फार आधीपासून अडकलोय. ही गाडी, हा टेम्पो, हा टँकर, हे सगळं आपल्या जन्माआधीच कुणीतरी इथे आणून लावून ठेवलंय. तिने उगाचच दाराची कडी ओढून बघितली. दार वीतभर उघडलं आणि टेम्पोला लागलं. तिने ते परत ओढून घेतलं. ओरडावंसं वाटलं, पण ओरडलं असतं तर धवला तुटला असता.

तिने आईकडे बघितलं. इतक्या जवळून, इतका वेळ तिने आईला गाताना बघितलंच नव्हतं. कपाळावरचं कुंकू घामाने खाली आलं होतं. मानेची शीर फुगायची आणि बसायची. पण लय तशीच होती, जात्याची असते तशी, ना मागे ना पुढे. आपल्या लेखात प्राप्तीने एकदा मोठ्या तोऱ्यात लिहिलं होतं: न मोडण्यावर कणभरही खर्च करू नका. मार इतका वाढवा की समोरच्याला हात उचलायला सवड मिळू नये. पोरांनी ते वाक्य उचलून धरलं होतं. आणि इथे ही बाई. हिने आयुष्यभर सगळं न मोडण्यावरच घातलं. ताप असताना गायली, प्राप्तीच्या वेळी दिवस भरत आले असताना गायली, खताच्या कारखान्यात प्राप्तीच्या बापाच्या पायावर पोती पडून तो अंथरुणाला खिळला त्या लगीनसराईतही गायली. कुणाला मारलं नाही, कुणाला काही केलं नाही, फक्त तुटली नाही. प्राप्तीला एकाएकी आईचं फार प्रेम आलं, आणि त्याच्या मागोमाग तिला त्या प्रेमाची भीती वाटली. असं प्रेम आलं की माणूस जन्माचा बांधला जातो.

आणि तेव्हाच तिच्या लक्षात आलं. आईला थांबता येत नव्हतं. म्हणजे आईला तिला थांबवताही येत नव्हतं.

हात हलवता येईल, डोळे वटारता येतील. पण गाणाऱ्या ओठांवर बोट ठेवता येणार नाही, दाखवायला इथे कावळे नाहीत, उठून जाता येणार नाही. इतक्या वर्षांत पहिल्यांदा तिचं वाक्य पुरं होऊ शकत होतं. डॉक्टरची, विश्रांतीची, मोबाइलची काही गरज नव्हती. याहून चांगली वेळ हिशेब करूनही सापडली नसती. हे नीच आहे, असं तिच्या मनातलं कुणीतरी म्हणालं. पण सोमवार परवावर आला होता आणि दुपार काही तासांवर. ती आईच्या कानाशी वाकली. कानातल्या कुडीचा थंड स्पर्श तिच्या गालाला झाला.

"आये," ती हळू म्हणाली, "मना पुन्याला नोकरी लागलेय. सोमवारी जातंय मी. ह्या धवल्याचं तुझ्यामागं कोन करील ते मना म्हाईत न्हाय, पन मी करनार न्हाय. मना नको हाय ते."

पुरं झालं. एकही शब्द मोडला नाही. चंदाबाईची लय हलली नाही. तिने मान वळवली नाही, पापणीही मिटली नाही. नीराबाईला काही ऐकू गेलं नव्हतं. धक्क्यावर कुणीतरी छत्री हलवून काही विचारत होतं. प्राप्ती मागे टेकली आणि तिला हलकं वाटलं. झालं. सांगून टाकलं. आता पुढचं पुढे.

"नवरा माझा लहान रं, तुझी लाट हाय थोर," चंदाबाईने म्हटलं. "अंगाची हलद ओली रं..."

आणि आवाज गेला. घसा घरघरला, ओठ हलले, पुढचा शब्द बाहेर आला नाही. तिने एक हात गळ्यावर ठेवला आणि दुसऱ्या हाताने पुढची सीट धरली. हर्षदने गर्रकन मान वळवली. त्याच्या तोंडावरचा रंग उडाला होता. नीराबाईने चंदाबाईच्या मांडीवरून हात घालून प्राप्तीचं मनगट धरलं, आणि तिची नखं रुतली. "गो पोरी," ती पुटपुटली, "गो पोरी, गो पोरी." प्राप्तीला वाटलं, मी केलं हे. माझं वाक्य लागलं. इतकं जपून, इतकं बरोबर मारलं की एका फटक्यात तुटलं. आईचे डोळे तिच्याकडे होते. त्यांत राग नव्हता, विनवणीही नव्हती. ती फक्त वाट बघत होती.

श्वास एकदाच घेता येतो. तेवढ्यात हजार विचार येतात असं म्हणतात, पण प्राप्तीला एकच आला, की या पोराला खरंच काही झालं तर? खाडी, हक्क, हे सगळं थोतांड आहे हे तिला माहीत होतं. बी.एस्सी. झाली होती ती. पण क्रेनवर चढणारा हा पोरगा उद्या कधीही पडू शकतो, आणि तो पडला तर गाव काय म्हणेल हेही तिला माहीत होतं. आणि गाव गेलं खड्ड्यात, आई काय म्हणेल? आई काहीच म्हणणार नाही. आयुष्यभर काही म्हणणार नाही.

"...ती धुवू नको पार," प्राप्तीच्या तोंडून आलं.

तिला आपला आवाज ओळखू आला नाही. तो आईसारखा नव्हता, जाड होता, थोडा खालून येणारा. पण ओळ तिथेच पडली जिथे पडायची, आणि पुढची ओळ तिला ओढून घेऊन गेली, आणि त्याच्या पुढची. नीराबाईने हात सोडला आणि पदर डोळ्याला लावला. हर्षद पुन्हा समोर बघू लागला. त्याचे खांदे खाली आले. प्राप्तीने सगळे देव घेतले, सगळी मागणी मागितली आणि पहिल्यापासून सुरुवात केली. पर्समध्ये फोन थरथरला, थांबला, पुन्हा थरथरला. तिला तो घेता येणार नव्हता. दुसऱ्या फेरीला तिला रडायला आलं, पण रडत गाता येतं हे तिला तेव्हा कळलं. आवाज फक्त ओला होतो, तुटत नाही. मागच्या गाडीतल्या वऱ्हाडी बाया खिडकीतून बाहेर वाकून ऐकत होत्या. चौकशीला आलेला बोटीवरचा माणूसही टेम्पोला टेकून उभा राहिला. तिला वाटत होतं, थांबावं, आता थांबावं, आता या ओळीनंतर. आणि ती ओळ संपायच्या आत पुढची तोंडात तयार असायची. आपण गातो आहोत असं तिला वाटत नव्हतं. आपल्याला कुणीतरी गात आहे असं वाटत होतं, आणि ते फार सोपं होतं. त्या सोपेपणाचीच तिला किळस आली.

पाणी कधी चढू लागलं ते कुणाला कळलं नाही. चिखलातले खेकडे नाहीसे झाले होते. बोट एका अंगाने किंचित उचलली, परत टेकली, परत उचलली. इंजिन सुरू झालं. दिघीच्या धक्क्यावर बेंजो वाजू लागला, ड्रायव्हर धावत खिडकीतून आत घुसला, टँकर आधी उतरला आणि मग त्यांची गाडी. पुढची चाकं दगडी उतारावर चढली, मागची चढली. प्राप्तीने शेवटची ओळ सोडली आणि तोंड मिटलं. दार आता सताड उघडत होतं, पण तिला उतरायचं भान राहिलं नाही. बाया गाडीभोवती जमल्या. नीराबाईने तिच्या कपाळाला कुंकू लावलं, ओटीत नारळ घातला, वर तिच्या गालावरून दोन्ही हात फिरवून बोटं मोडली. "चंदे, तुझी लेक सोनं हाय गो!" नवरीकडच्या एका बाईने गर्दीतून पुढे येऊन प्राप्तीचा हात धरला. "वैशाख सरायला माझ्या नूतनचं हाय, बाय. येशील ना? तुना न्यायला गाडी पाठवीन." प्राप्तीने मान हलवली. हो म्हणून की नाही म्हणून, ते तिचं तिलाही कळलं नाही, पण त्या बाईने हो धरलं आणि ती समाधानाने वळली. नवऱ्याला उतरवून घेतलं, बाया त्याच्या मागे गेल्या, नीराबाई गेली. गाडीत दोघी मायलेकी उरल्या.

प्राप्तीला आईकडे बघायचा धीर होत नव्हता. माफी मागायची होती. गळा कायमचा गेला असेल तर काय करायचं, अलिबागच्या डॉक्टरकडे न्यायचं की सरळ मुंबईला, हे तिच्या मनात चाललं होतं. पुण्याचं तिच्या मनातून पुसलंच गेलं होतं.

चंदाबाईने पायाशी ठेवलेली बाटली उचलली, दोन घोट पाणी घेतलं, पदराने तोंड पुसलं.

"त्या पुन्याच्या बाईला फोन करून टाक," ती म्हणाली. "सोमवारी जमनार न्हाय बोल. सोमवारी आवासला हलद हाय."

आवाज लख्ख होता. कुठे खरखर नाही, कुठे घरघर नाही. लहानपणी तीन घरं पलीकडून हाक मारायची तोच आवाज.

"आये," प्राप्ती म्हणाली. "आये, तुझा गला..."

"बरा हाय गला." चंदाबाईने ओटीतला नारळ तिच्या मांडीवर नीट सरळ करून ठेवला. "तुना पुन्याचा पयला फोन आलेला ना, त्याच्या आधीच बरा झालेला."

मग ती नीराबाई गेली त्या बाजूच्या दाराने उतरली आणि पदर सावरत मांडवाकडे जाणाऱ्या बायकांत मिसळली. मागून टेम्पोवाला हॉर्न वाजवू लागला, तेव्हा ड्रायव्हरने गाडी थोडी पुढे घेतली.